अधिवासांचे वैविध्य आणि जैवविविधता: बेळगाव सीमाभागातून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बेळगाव जिल्ह्याच्या पश्चिम टोकाला, खानापूर तालुक्याच्या घाटमाथ्यावर, जुलैमध्ये आठ-आठ दिवस सूर्य दिसत नाही. त्याच दिवसांत अथणीकडचा शेतकरी एखादी सर पडावी म्हणून आभाळाकडे डोळे लावून बसलेला असतो. एकाच जिल्ह्याच्या या दोन टोकांमधला फरक येथील जीवसृष्टीच्या मुळाशी आहे. विद्यार्थी, शिक्षक, शेतकरी आणि सुटीच्या दिवशी रानात फिरणारी मंडळी जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, त्यांची उत्तरे ओळखीच्या जागांच्या आधारे खाली दिली आहेत.

अधिवास म्हणजे नेमके काय? जंगल, शेत आणि तळे एवढीच त्याची विभागणी असते का?

एखाद्या जिवाला अन्न, पाणी, निवारा आणि पिलांच्या वाढीसाठी लागणारी परिस्थिती जेथे मिळते, ती जागा म्हणजे त्याचा अधिवास. या व्याख्येतला ‘त्याचा’ हा शब्द महत्त्वाचा आहे. गव्याच्या दृष्टीने खानापूर तालुक्यातल्या भीमगडचे दाट रान, त्यातली गवताळ मोकळीक आणि ओढ्याकाठची सावली मिळून एक अधिवास होतो. त्याच रानात कुजत पडलेल्या ओंडक्याच्या सालीखाली राहणाऱ्या गोमेला मात्र तो ओंडकाच पुरतो. त्यामुळे एखाद्या रानात किती अधिवास आहेत, या प्रश्नाचे उत्तर कोणाच्या बाजूने पाहायचे ते ठरवल्याशिवाय देता येत नाही. नकाशावर एकाच हिरव्या रंगात रंगवलेल्या तुकड्यात झाडांच्या ढोल्या, पालापाचोळ्याचे थर, झऱ्याचे ओले दगड आणि वारुळे असे शेकडो लहान अधिवास दडलेले असतात.

अधिवास वेगवेगळे असले की जाती का वाढतात?

पहिले कारण स्पर्धेशी निगडित आहे. दोन जाती अगदी एकाच जागी, एकाच वेळी, एकाच अन्नावर जगू लागल्या, तर सहसा त्यांपैकी एक मागे पडते. जागेत फरक असला, तर त्या कामे वाटून घेतात आणि दोघीही टिकतात. जांबोटीच्या रानात सकाळी तासभर उभे राहिले तरी ही वाटणी दिसते. सुतार खोडावर ठोके देत असतो, कोतवाल मोकळ्या फांदीवरून उडत्या किड्यांवर झेप घेतो, सातभाई खाली पाचोळा उलथत असतात आणि धनेश शेंड्यावर फळे टिपत असतो. झाडोऱ्याचे थर जितके अधिक, तितक्या अशा जागा अधिक. रॉबर्ट मॅकआर्थर आणि जॉन मॅकआर्थर यांनी १९६१ मध्ये उत्तर अमेरिकेतील रानांचा अभ्यास करून दाखवले, की पक्ष्यांच्या विविधतेचा अंदाज झाडांच्या जाती मोजून येतो त्यापेक्षा पानोरा किती उंचीवर कसा विभागला आहे, हे पाहून अधिक चांगला बांधता येतो. पुढे इतर प्राण्यांवर झालेल्या अभ्यासांत हा संबंध सगळीकडे तितकाच घट्ट आढळला नाही, हेही सांगितले पाहिजे. परंतु मूळ सूत्र टिकून आहे.

दुसरे कारण असे, की बहुतेक प्राण्यांना जन्मभर एकच अधिवास पुरत नाही. बहुतेक बेडकांना अंडी घालायला पाणी लागते आणि उरलेले वर्ष काढायला ओलसर जमीन. धनेशाच्या मादीला घरट्यासाठी जुन्या, जाड झाडाची ढोली हवी असते. ती स्वतःला आत लिंपून घेते आणि काही आठवडे नर आणून देईल त्या फळांवर जगते. त्या नराला त्या काळात फळलेली झाडे आसपास सापडली नाहीत, तर ढोली कितीही चांगली असली तरी उपयोगाची नाही. म्हणजे दोन अधिवास असणे पुरेसे नाही, ते एकमेकांच्या पोहोचीत असावे लागतात.

तिसरे कारण संकटाचे. दुष्काळ, वणवा किंवा अतिवृष्टी सगळ्या जागांवर सारखाच घाला घालत नाही. माळ करपला तरी ओढ्याची घळ ओली राहते, आणि पुढच्या पावसानंतर तेथूनच माळावर पुन्हा वस्ती होते.

बेळगाव जिल्ह्यात हे वैविध्य कोठे आणि कसे दिसते?

कणकुंबीपासून अथणीपर्यंतचे अंतर सरळ रेषेत सुमारे १५० किलोमीटर आहे. एवढ्या अंतरात वार्षिक पाऊस ३००० मिलिमीटरहून अधिक पासून ५०० ते ६०० मिलिमीटरपर्यंत उतरतो. पश्चिमेच्या घाटमाथ्यावर जांभूळ, अंजनी आणि पिसा यांचे सदाहरित व निमसदाहरित रान आहे. खानापूरच्या पूर्वेकडे सरकले की साग, ऐन, किंजळ, शिसवी आणि बांबूचे पानगळीचे जंगल लागते. बेळगाव शहर ओलांडून हुक्केरी, गोकाक, सौंदत्ती या बाजूंना गेले की बोर, बाभूळ, हिवर, तरवड आणि निवडुंग यांचे काटेरी रान व माळ सुरू होतात. भूगर्भही या बदलाला हातभार लावतो. दख्खनच्या काळ्या पाषाणाची दक्षिण सीमा याच भागात संपत जाते; उत्तरेला त्या खडकापासून बनलेली काळी जमीन, गोकाककडे वालुकाश्माचे उभे कडे आणि खानापूरकडे तांबडी माती व जांभा.

प्रवासात एसटीच्या खिडकीतून हा बदल चार तासांत पाहून होतो. देशातील फार थोड्या जिल्ह्यांना असा उतार एका हद्दीत मिळाला असावा, असे मला वाटते, आणि तरीही येथील निसर्गाविषयी बोलताना आपण ‘खानापूरचे जंगल’ एवढ्यावरच थांबतो.

सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावर, तर झाडच नसते. मग कणकुंबी-चोर्ला भागातील कातळाला अभ्यासक एवढे महत्त्व का देतात?

हा प्रश्न सर्वांत जास्त वेळा येतो, आणि उन्हाळ्यात तो कातळ पाहिलेल्या माणसाला तो पडावा हे स्वाभाविक आहे. मुसळधार पाऊस आणि त्यानंतरचा दीर्घ कोरडा काळ यांच्या आलटून-पालटून होणाऱ्या माऱ्याने खडकातील विरघळणारी द्रव्ये वाहून जातात आणि लोह व ॲल्युमिनियमचे प्रमाण अधिक असलेले जांभ्याचे कवच मागे उरते. त्यावर माती काही बोटे एवढीच, आणि तीही पोषणाला कमी. झाडाला मूळ रोवायला जागा नाही, म्हणून गवत आणि लहान रोपटी यांना मोकळे ऊन मिळते.

जून संपता संपता या कातळावर पाणी साचते आणि मग एका सपाट दिसणाऱ्या जागेचे किती तुकडे आहेत ते कळते. उथळ खळग्यांत गेंदाची पांढरी बोंडे येतात. पाण्याची पातळ चादर जेथे सतत वाहते तेथे सीतेची आसवे फुलतात. या निळ्या-जांभळ्या फुलांच्या वनस्पती मातीतून न मिळणाऱ्या नत्राची गरज जमिनीलगतच्या सूक्ष्म पिशव्यांत बारीक जलजीव पकडून भागवतात. शेजारीच दवबिंदू आपल्या पानांवरील चिकट थेंबांनी किडे धरतो. भेगांत तेरडे आणि कवल्याची पिवळी फुले, जरा खोल माती साठलेल्या जागी जमिनीतील कंदावर वर्ष काढणारी आमरी, आणि कडेच्या उतारावर सात वर्षांनी एकदा एकत्र फुलणारी कारवी. सुट्या दगडांखाली विंचू, पाली आणि पावसाळ्यात बेडूक असतात. ऑक्टोबरच्या उन्हात यातले बहुतेक नाहीसे होते आणि बी, कंद किंवा अंड्याच्या रूपाने पुढच्या मृगाची वाट पाहते.

सडे एकमेकांपासून रानाने आणि दऱ्यांनी तुटलेले असल्यामुळे एका सड्यावरची वस्ती दुसऱ्यावर सहजासहजी पोहोचत नाही. वेगळ्या जाती घडायला असा विलग काळ पोषक ठरतो. सड्यांच्या आणि रानाच्या सांध्यावरील ओल्या मातीत देवगांडूळही सापडते. गांडुळासारखा दिसणारा हा बिनपायाचा प्राणी प्रत्यक्षात बेडकाच्या गोतावळ्यातला उभयचर आहे. चोर्ला परिसरातून २००७ मध्ये वर्णन झालेली त्याची एक जात म्हादई नदीच्या नावाने ओळखली जाते. पावसात रस्त्यावर आलेले देवगांडूळ साप समजून मारले जाते, ही गोष्ट येथे मुद्दाम नोंदवतो.

एखाद्या गुहेने एवढा काय फरक पडतो?

खानापूर तालुक्यात तळेवाडी-कृष्णापूरच्या रानातील बारापेडे गुहा हे याचे उत्तर आहे. ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञ ऑल्डफील्ड थॉमस यांनी १९१३ मध्ये येथील वटवाघळाच्या एका जातीचे वर्णन केले आणि तिला राऊटन यांचे नाव दिले. शेपटीचा भाग पंखांच्या पडद्याबाहेर मोकळा असलेले हे वटवाघूळ कित्येक दशके जगात फक्त याच गुहांतून ज्ञात होते. पुढे ते मेघालयात आणि कंबोडियातही आढळले. गुहेतील तापमान आणि आर्द्रता वर्षभर फारशी हलत नाही, अंधार राहतो, आणि वटवाघळांच्या विष्ठेवर कीटकांची एक वेगळीच वस्ती पोसली जाते. भीमगड अभयारण्य २०११ मध्ये घोषित झाले आणि त्याचे क्षेत्र सुमारे १९० चौरस किलोमीटर आहे. गुहेचे क्षेत्र त्यापुढे नगण्य, पण ती काढून टाकली तर उरलेले सगळे रान मिळूनही ही जात तेथे टिकेल असे म्हणता येणार नाही. गुहेत मशाली, धूर किंवा गोंगाट नेऊ नये, हे ओघानेच आले.

धुपदाळचे पाणी तर माणसाने अडवलेले आहे. कृत्रिम जलाशयाला अधिवास म्हणावे का?

म्हणावे. घटप्रभा नदीवर एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बांधलेल्या धुपदाळच्या बंधाऱ्यामागे जो पसारा झाला, तोच १९७४ मध्ये घटप्रभा पक्षी अभयारण्य म्हणून घोषित झाला. हिवाळ्यात तेथे कांड्या करकोचा आणि पांढरा करकोचा यांसारखे दूरदेशीचे पाहुणे उतरतात. तेथे पक्षी का जमतात, याचे कारण पाणी किती आहे यापेक्षा पाणी किती प्रकारचे आहे, यात सापडते. घोट्याएवढ्या पाण्यात तुतवार आणि शेकाट्या चालतात, खोल पाण्यात पाणकावळा बुडी मारतो, पाणगवतात जांभळी पाणकोंबडी घरटे करते, तरंगत्या पानांवर कमळपक्षी वावरतो, बेटांवर बगळ्यांची वीण होते, आणि करकोचे तर दिवसा आसपासच्या शेतांत चरून रात्री पाण्याच्या आश्रयाला येतात. काठ सिमेंटने सरळ उभे बांधले, की पाणी तेवढेच राहते आणि यांतले निम्मे पक्षी जातात. गावतळ्यांच्या ‘सुशोभीकरणात’ हेच घडताना दिसते.

कणकुंबीला पाणलोटाचे टोक म्हणतात. नद्यांच्या जीवसृष्टीशी त्याचा काय संबंध?

मलप्रभा कणकुंबीला उगम पावते आणि पूर्वेला कृष्णेला मिळून बंगालच्या उपसागराकडे जाते. जवळच खानापूरच्याच रानात उगम पावणारी म्हादई पश्चिमेला गोव्यात उतरून मांडवीच्या नावाने अरबी समुद्राला मिळते. दोन पावसाचे थेंब शेजारी पडून दोन समुद्रांत जातात, पण मासा डोंगर ओलांडत नाही. त्यामुळे दोन्ही खोऱ्यांतील मत्स्यसमूह दीर्घकाळ वेगवेगळे घडत आले आहेत. म्हादईच्या खोऱ्यातले पाणी मलप्रभेकडे वळवण्याच्या कळसा-भांडुरा वादात लवादाचा निवाडा २०१८ मध्ये आला. त्या वादाच्या न्याय-अन्यायात येथे शिरायचे नाही, परंतु पाणी एका खोऱ्यातून दुसऱ्यात वळवताना चर्चा पाण्याच्या मापापुरतीच राहते आणि त्या पाण्यातील जिवांचा हिशोब मागे पडतो, एवढे म्हणणे भाग आहे.

एकाच नदीतही खळाळ, डोह, वाळूचे पट्टे आणि मळीचे काठ हे वेगळे अधिवास आहेत. खळाळातले लहान मासे पोटाने दगडाला चिकटून प्रवाह सोसतात. एप्रिलमध्ये ओढे आटले की उरलेली प्रजा डोहात तगते. वाळूच्या पट्ट्यावर नदी सुरय अंडी घालतो. कृष्णेच्या मातीच्या काठावर मगर ऊन खाते. वाळूचा बेसुमार उपसा झाला की नदी एकसारख्या खोल चराचे रूप घेते.

माळरान पडीक असते ना? मग तेथे झाडे लावणे चांगले नव्हे का?

बहुतेक वेळा नव्हे. महसुली दप्तरातला ‘पडीक’ हा शब्द शेतसाऱ्याच्या दृष्टीचा आहे. लांडगा, खोकड, ससा, चंडोल, धाविक आणि माळटिटवी यांच्या दृष्टीने तीच भरलेली जागा आहे. हिवाळ्यात उत्तरेकडून येणारे भोवत्या हे शिकारी पक्षी गवतावरून खालून उडत टोळ आणि उंदीर टिपतात आणि रात्री गवतातच जमिनीवर मुक्काम करतात. गळ्याला रंगीत पंखा असलेला सरडा उन्हातल्या दगडावर उभा राहून मादीला तो पंखा दाखवतो. सावली झाली तर त्याचा सगळा संसारच मोडतो. सौंदत्ती, गोकाक, अथणी, रायबाग या भागांतील गायरानांवर हा समाज टिकून आहे, आणि धनगरांच्या कळपांची मध्यम चराई गवत खुरटे-उंच असे मिश्र ठेवून त्याला मदतच करते. चराई अति झाली तर मात्र माती उघडी पडते.

अशा जागी चर खणून नीलगिरी किंवा ऑस्ट्रेलियन बाभळीच्या एकसुरी रांगा लावल्या, तर कागदावर हिरवे क्षेत्र वाढते आणि प्रत्यक्षात एक अधिवास नाहीसा होतो. जून महिन्यात रोपे हातात घेऊन निघणाऱ्या उत्साही मंडळींचा हेतू चांगला असतो, यात शंका नाही. त्यांनी रोपे शेताच्या बांधावर, ओढ्याच्या काठी आणि रस्त्याच्या कडेला लावावीत, आणि माळाला माळ राहू द्यावे.

विविधता मोजतात कशी?

आर. एच. व्हिटेकर यांनी १९६० मध्ये यासाठी तीन पातळ्या मांडल्या: एका जागेतील विविधता म्हणजे अल्फा, दोन जागांमधील फरक म्हणजे बीटा, आणि सगळ्या प्रदेशाची मिळून होते ती गॅमा. समजा, एका सड्यावर ३० आणि शेजारच्या रानात ३० जातींचे पक्षी आढळले. त्यांतील ५ जाती दोन्हीकडे असतील, तर एकूण जाती ५५ भरतात; २८ जाती सामाईक असतील, तर एकूण फक्त ३२. दोन्ही उदाहरणांत प्रत्येक जागेची नोंद सारखीच समृद्ध दिसते. बेळगाव जिल्ह्याची श्रीमंती या बीटा प्रकारची, म्हणजे जागांमधल्या फरकाची आहे, आणि म्हणूनच सगळ्या जागा एकसारख्या केल्या की ती सर्वांत आधी घटते. केवळ संख्येवर मात्र विसंबू नये. कावळा, साळुंकी आणि पारवा यांनी वाढवलेला आकडा आणि फक्त घाटात राहणाऱ्या एका बेडकाने वाढवलेला आकडा यांचे मोल सारखे नाही.

वैविध्य चांगले, तर जंगलात रस्ते आणि शेते घालून तुकडे केले तर अधिवास वाढणारच नाहीत का?

हा आक्षेप योग्य आहे आणि त्याला टाळून पुढे जाता येत नाही. जमीन मर्यादित असते. प्रकार वाढवत गेले की प्रत्येक प्रकाराच्या वाट्याला येणारी जागा घटते, आणि एका मर्यादेनंतर त्या लहान तुकड्यांत कोणाचीच पुरेशी संख्या टिकत नाही. रानाच्या कडेला ऊन आणि वारा आत शिरतो, माती सुकते, रानमोडी व घाणेरी ही परकी झुडपे पसरतात, आणि वस्तीजवळ सहज जगणाऱ्या जाती आतल्यांना मागे रेटतात. सुरुवातीला जातींची यादी खरोखरच लांबते. पण शेकरूला एका झाडावरून दुसऱ्यावर जायला सलग छत लागते, आणि वाघाला तर एका अभयारण्याएवढे रानही अपुरे पडते. भीमगड हे दक्षिणेला काळी व्याघ्र प्रकल्पाचे, पश्चिमेला गोव्यातील म्हादई अभयारण्याचे आणि उत्तरेला तिलारी-राधानगरीच्या रानाचे सांधणारे दार आहे. येथील वैविध्य पाऊस, खडक आणि उंची यांनी घडवलेले आहे. बुलडोझरने पाडलेले तुकडे त्या प्रकारचे नसतात.

गवे आणि हत्ती शेतात का येतात?

भात आणि ऊस हे त्यांना दाट, गोड आणि विनासायास मिळणारे अन्न आहे, आणि शेत रानाला खेटून आहे. २००२ च्या सुमारास कर्नाटकातून हत्ती सिंधुदुर्ग आणि कोल्हापूर जिल्ह्यांच्या हद्दीत पोहोचले, तेव्हापासून खानापूर-चंदगडच्या पट्ट्यात हा प्रश्न आहे. शेतकऱ्याला वेळेवर भरपाई मिळाल्याशिवाय त्याने जैवविविधतेवर प्रेम करावे, ही अपेक्षा न्याय्य नाही.

शेती आणि देवराई यांचा या विषयाशी संबंध किती?

बराच आहे. खानापूर भागातील भातखाचरे पावसाळ्यात पाणथळीचे काम करतात. खेकडे, बेडूक, पाणसाप आणि बगळे तेथे जगतात, आणि भातानंतर ओलीवर घेतलेल्या मसूर-वाटाण्यामुळे मधमाश्यांना फुलोरा मिळतो. चिकोडी, रायबाग आणि अथणीकडे कालव्याच्या पाण्याबरोबर सलग ऊस आला. शाळू, तूर, हरभरा आणि करडई यांच्या मिश्र शिवाराची जागा त्याने घेतली, तेव्हा पिकांबरोबर त्यांवर पोसलेले किडे आणि पक्षीही कमी झाले. ऊस मोडा असे सांगणे सोपे आणि निरुपयोगी आहे. बांधावरचे बोर-बाभूळ न तोडणे, ओढ्याची काठाची पट्टी सोडणे आणि हरभऱ्यात कोतवालासाठी पक्षिथांबे रोवणे एवढे मात्र कोणालाही जमते, आणि घाटेअळीच्या औषधाचा खर्चही त्याने थोडा वाचतो.

देवराई लहान असते, पण तिच्यात जुनी झाडे, ढोल्या, गारंबीसारखे अजस्र वेल आणि बारमाही झरा एकत्र सापडतो. मंदिराचा जीर्णोद्धार करताना फरशी आणि पत्रा यांच्यासाठी राईचा पाचोळा साफ केला जातो, तेव्हा देव राहतो आणि राई जाते.

आमच्या गावातील अधिवासांची नोंद कशी करावी?

जैविक विविधता अधिनियम, २००२ अन्वये ग्रामपंचायत पातळीवर जैवविविधता व्यवस्थापन समिती असते आणि तिने लोकजैवविविधता नोंदवही तयार करावयाची असते. नोंदवही जातींच्या यादीने सुरू करू नये. आधी गावाच्या नकाशावर सडा, माळ, ओढा, डोह, देवराई, तळे, बांध आणि जुनी ढोलीची झाडे दाखवावीत, आणि मग प्रत्येक जागी मृगात, गणपतीनंतर, थंडीत आणि वैशाखात अशा चार वेळा जाऊन काय दिसते ते लिहावे. गुराखी, मध काढणारे आणि औषधी पाला गोळा करणाऱ्या स्त्रिया यांना सोबत घ्यावे. सीमाभागात एक अडचण वेगळी येते: त्याच झाडाला एक घर ऐन म्हणते आणि शेजारचे मत्ती, एकाचे जांभूळ दुसऱ्याचे नेरळे असते, आणि लांडग्याला धनगर तोळ म्हणतो. दोन्ही भाषांतील नावे शेजारी-शेजारी लिहून त्यापुढे शास्त्रीय नाव द्यावे, नाहीतर एकच जात दोनदा मोजली जाते.